गुण वाढवा नाही, तारीख सांगा : पुनर्मूल्यांकनासाठी विद्यार्थ्यांना कोर्टात का जावे लागते?

निकालाच्या दिवशी एखाद्या घरात पेढे येतात, एखाद्या घरात शांतता पसरते. या दोन्हींच्या मधली एक तिसरी अवस्था असते, तिच्याबद्दल कोणी फारसे बोलत नाही. निकाल लागलाय, पण एका पेपरात अपेक्षेपेक्षा फारच कमी मार्क पडलेत. मुलीने पुनर्मूल्यांकनाचा अर्ज भरला, फी भरली, पावती जपून ठेवली. महिना गेला, दोन महिने गेले. पुढच्या प्रवेशाची यादी लागली, पुढच्या परीक्षेचा फॉर्म भरायची तारीख आली, तरी विद्यापीठाकडून उत्तर नाही. कॉलेजात विचारले तर सांगतात विद्यापीठात जा. विद्यापीठात गेले तर खिडकीवरचा माणूस सांगतो, "प्रोसेसमध्ये आहे."

अशा वेळी काही विद्यार्थी उच्च न्यायालयाचे दार ठोठावतात. बातमी येते, चर्चा होते, आणि पुढच्या निकालापर्यंत आपण सगळे विसरतो. ज्यांना कोर्टापर्यंत जाता येत नाही त्यांचे काय होते, हे तर बातमीतही येत नाही. म्हणून हा प्रश्न नीट समजून घ्यायला हवा. कोर्ट अशा प्रकरणात काय देऊ शकते, काय देऊ शकत नाही, आणि कोर्टात जाण्याआधी कोणत्या गोष्टी हातात आहेत, याची माहिती आपल्या मुलामुलींना असली पाहिजे.

२०१७ चा धडा

महाराष्ट्रात या विषयाचा सगळ्यात मोठा धडा मुंबई विद्यापीठाने दिला. १८५७ साली स्थापन झालेले हे विद्यापीठ. मुंबई, ठाणे, पालघर, रायगड, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग एवढा त्याचा पसारा. म्हणजे नागपाडा, कुर्ला, गोवंडी, मुंब्रा, भिवंडीपासून महाड, श्रीवर्धन, रत्नागिरीपर्यंतच्या मुस्लिम वस्त्यांतली बहुतेक कॉलेजची मुले याच विद्यापीठाची.

२०१७ च्या उन्हाळी परीक्षेपासून सर्व उत्तरपत्रिका संगणकावर तपासायच्या, असा निर्णय विद्यापीठाने घेतला. उत्तरपत्रिका स्कॅन करायची आणि प्राध्यापकाने पडद्यावर वाचून गुण द्यायचे. वेग वाढेल, पारदर्शकता येईल, असे सांगितले गेले. कल्पना वाईट नव्हती. पण परीक्षा तोंडावर आल्या तरी तयारी नव्हती. काम बंगळुरूच्या एका खासगी कंपनीला गेले. सुमारे १७ लाख उत्तरपत्रिका, ४७७ परीक्षा, आणि प्राध्यापकांना पुरेसे प्रशिक्षणही नाही. स्कॅनिंग रखडले, उत्तरपत्रिकांची सरमिसळ झाली, काहींचा तर पत्ताच लागेना.

महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ कायदा २०१६ सांगतो की निकाल ३० दिवसांत लावण्याचा प्रयत्न करावा आणि कोणत्याही परिस्थितीत ४५ दिवसांच्या आत लावावा. हा कायदा मार्च २०१७ मध्ये लागू झाला आणि त्याच उन्हाळ्यात राज्यातल्या सर्वात जुन्या विद्यापीठाने तो मोडला. कुलपती म्हणून राज्यपाल चे. विद्यासागर राव यांनी ३१ जुलैची मुदत दिली. वर्ग बंद ठेवून प्राध्यापकांना तपासणीला बसवले, इतर विद्यापीठांतल्या शिक्षकांची मदत घेतली, तरी मुदत पाळता आली नाही. ऑगस्टमध्ये कुलगुरू संजय देशमुख यांना रजेवर पाठवण्यात आले, ऑक्टोबरमध्ये पदावरून दूर करण्यात आले. निकालांचे गाडे सप्टेंबरपर्यंत चालूच होते.

दरम्यान विद्यार्थी मुंबई उच्च न्यायालयात गेले होते. त्यात विधी शाखेचे विद्यार्थी पुढे होते, आणि ते साहजिकही होते. कायदा शिकणाऱ्याला निदान दार कुठे आहे ते माहीत असते.

पण खरी अडचण निकाल लागल्यानंतर सुरू झाली. घाईघाईत लागलेल्या निकालावर कोणाचा विश्वास बसणार? चांगला अभ्यास करणारी मुले नापास, परीक्षेला बसलेली मुले गैरहजर. साहजिकच पुनर्मूल्यांकनाच्या अर्जांचा ढीग पडला. जी यंत्रणा पहिल्यांदा तपासताना कोलमडली, तिच्याकडेच पुन्हा तपासायचे काम आले. हिवाळी परीक्षा जवळ आल्या तरी अनेकांना आपण पास आहोत की नापास हेच माहीत नव्हते. तोच पेपर पुन्हा द्यायचा का, त्याची फी भरायची का, अभ्यास कशाचा करायचा, एकाचेही उत्तर नाही.

कुलगुरू गेले, ही मोठी बातमी झाली. ज्यांचे वर्ष गेले त्यांना ते कोणी परत केले नाही.

चूक होतच नाही, असे नाही

"मार्क कमी पडले की मुले ओरडतात," असे म्हणणारे आपल्या घरातही असतात. कधी ते खरेही असते. पुनर्मूल्यांकनाला लॉटरीचे तिकीट समजून अर्ज भरणारे असतात. पण तेलंगणात २०१९ साली काय झाले ते आठवावे. इंटरमीजिएटचे, म्हणजे आपल्या अकरावी-बारावीचे निकाल लागले आणि तीन लाखांहून जास्त विद्यार्थी नापास झाले. एका मुलीला तेलुगूच्या पेपरात शून्य मिळाले होते. पुन्हा पाहिल्यावर ते ९९ निघाले. वीसहून अधिक मुलांनी त्या दिवसांत जीव दिला. प्रकरण उच्च न्यायालयात गेले, सरकारने नापास झालेल्या सर्वांची फेरपडताळणी विनाशुल्क करायला सांगितले, आणि त्यातून हजाराहून अधिक विद्यार्थी पास निघाले.

तीन लाखांत हजार, म्हणजे फार नाहीत, असे कोणी म्हणेल. पण ज्या घरातले मूल त्या हजारात होते त्या घराला हा हिशोब सांगून पाहा.

म्हणूनच पुनर्मूल्यांकन ही विद्यापीठाने केलेली मेहेरबानी नव्हे. लाखो उत्तरपत्रिका माणसे तपासतात, तिथे चुका होणारच. त्या चुका दुरुस्त करायची खिडकी ठेवणे हा परीक्षेचाच भाग आहे. आणि ती खिडकी वेळेत उघडली नाही तर ती असून नसल्यासारखीच.

उशीर सगळ्यांना सारखा पडत नाही

पाच महिने उशीर म्हणजे सगळ्यांना पाच महिनेच, असे कागदावर दिसते. प्रत्यक्षात तसे नसते. ज्याच्या वडिलांची ऐपत आहे तो वर्षभर थांबतो, क्लास लावतो, खासगी विद्यापीठात प्रवेश घेतो. ज्याच्या घरात पहिल्यांदाच कोणी पदवीपर्यंत पोहोचले आहे, त्याचे गणित वेगळे असते. नोकरीच्या ठिकाणी मार्कशीट मागतात, ती नाही म्हणून पगार अडतो किंवा नोकरीच जाते. शिष्यवृत्तीचे नूतनीकरण मागच्या परीक्षेच्या गुणांवर असते. अल्पसंख्याक विद्यार्थ्यांच्या केंद्रीय शिष्यवृत्तीच्या नियमात किमान ५० टक्के गुणांची अट राहिली आहे. ज्याचा एक पेपर अडकला त्याचा अर्जही अडकतो, आणि पोर्टलची शेवटची तारीख विद्यापीठासाठी थांबत नाही.

आणि मुलींचे? इथे आपण आपल्याशीच प्रामाणिक राहिले पाहिजे. "निकाल येईपर्यंत घरीच आहे ना, मग चांगले स्थळ आलेय, बघून घेऊ," हे वाक्य किती घरांत बोलले जाते! वर्षभराचा खंड मुलाच्या शिक्षणात खंड असतो, मुलीच्या शिक्षणात तो बहुतेक वेळा शेवट ठरतो. विद्यापीठाच्या फायलीत जे प्रकरण फक्त "प्रलंबित" असते, ते इकडे एका मुलीचे शिक्षण संपवून मोकळे होते.

आकडे पाहिले तर हे आणखी बोचते. सच्चर समितीने २००६ साली सांगितले की वीस वर्षांवरील मुस्लिमांपैकी पदवी वा पदविका असलेले ४ टक्क्यांपेक्षाही कमी आहेत, तर देशाचे प्रमाण सुमारे ७ टक्के होते. त्यानंतर वाढ झाली, पण केंद्राच्या उच्च शिक्षण सर्वेक्षणानुसार २०२०-२१ मध्ये एकूण विद्यार्थ्यांत मुस्लिमांचा वाटा ४.६ टक्केच होता. २०११ च्या जनगणनेत लोकसंख्येतला वाटा १४.२ टक्के. त्यातही आदल्या वर्षी सुमारे २१ लाख असलेली मुस्लिम विद्यार्थ्यांची संख्या त्या वर्षी १९ लाखांवर घसरली. ते कोरोनाचे वर्ष होते हे खरे. पण इतक्या कष्टाने जे थोडे कॉलेजच्या दारापर्यंत पोहोचतात, त्यांच्यातला एकही केवळ टेबलावर पडलेल्या फायलीमुळे गळू नये, एवढे तरी आपण पाहिले पाहिजे.

कोर्ट काय देते, काय देत नाही

अनेक विद्यार्थ्यांचा आणि पालकांचा इथे गैरसमज होतो. त्यांना वाटते, जजसाहेब पेपर बघतील आणि मार्क वाढवतील. तसे होत नाही.

गंमत म्हणजे या विषयावरचा सर्वोच्च न्यायालयाचा पायाभूत निकाल महाराष्ट्राच्याच दहावी-बारावी बोर्डाच्या प्रकरणातला आहे. १९८४ च्या परितोष भूपेशकुमार सेठ प्रकरणात न्यायालयाने म्हटले की नियमात पुनर्मूल्यांकनाची सोय नसेल तर विद्यार्थी तो हक्क म्हणून मागू शकत नाही, आणि परीक्षा कशी घ्यायची, कशी तपासायची हे शिक्षणतज्ज्ञांवर सोडावे. २००४ मध्ये बिहार लोकसेवा आयोगाच्या प्रकरणात हीच भूमिका पुन्हा मांडली गेली.

मग ९ ऑगस्ट २०११ रोजी आदित्य बंदोपाध्याय प्रकरणाचा निकाल आला आणि मोठा बदल झाला. तपासलेली उत्तरपत्रिका ही माहिती अधिकार कायद्याखाली "माहिती" आहे आणि विद्यार्थ्याला आपली स्वतःची उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क आहे, असे न्यायालयाने स्पष्ट केले. पुन्हा तपासून मिळण्याचा हक्क यातून मिळाला नाही, पण निदान झाकलेली मूठ उघडली.

डिसेंबर २०१७ मध्ये, म्हणजे मुंबई विद्यापीठाचा गोंधळ ताजा असतानाच, रण विजय सिंह प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सगळे मुद्दे एकत्र मांडले. नियमात पुनर्मूल्यांकनाची तरतूद असेल तर संबंधित संस्था ते करू देऊ शकते. तरतूद नसेल तर ठळक चूक दिसत असेल अशा दुर्मिळ प्रकरणातच न्यायालय तशी परवानगी देईल. न्यायालय स्वतः उत्तरे तपासणार नाही. आणि केवळ सहानुभूती म्हणून हस्तक्षेप होणार नाही. हे प्रकरण उत्तर प्रदेशातल्या शिक्षक भरतीचे होते. जाहिरात २००९ ची आणि शेवटचा निकाल २०१७ चा! आठ वर्षे. उशिराविरुद्ध दाद मागायला गेलेल्या माणसाला कोर्टातही उशीरच भेटू शकतो, हे विसरून चालणार नाही.

मग विद्यार्थ्याने कोर्टात जाऊच नये का? जावे, पण मागणी नेमकी असावी. हाच या लेखाचा मुख्य मुद्दा आहे. गुण आणि उशीर या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. "मला १५ ऐवजी ४५ मार्क द्या" ही मागणी घेऊन गेलात तर न्यायालय वर सांगितलेल्या निकालांकडे बोट दाखवेल. पण "विद्यापीठाच्याच नियमात पुनर्मूल्यांकन आहे, मी फी भरली आहे, ठरलेली मुदत उलटली आहे, अमुक तारखेला माझा प्रवेश बंद होतोय, तोवर निर्णय द्यायला सांगा" ही मागणी वेगळी आहे. इथे न्यायालयाला कोणाचा पेपर तपासायचा नाही, सार्वजनिक संस्थेला तिचे स्वतःचे कर्तव्य पार पाडायला सांगायचे आहे. संविधानाच्या कलम २२६ खाली उच्च न्यायालयाला हा अधिकार आहे. त्यासोबत निकाल येईपर्यंत पुढच्या वर्षात तात्पुरता प्रवेश द्यावा, किंवा परीक्षेला बसू द्यावे, अशी अंतरिम मागणीही करता येते. ती मिळेलच याची खात्री नसते आणि ती अंतिम निकालाच्या अधीन असते. तरी मुदत संपण्याआधी गेलेल्या विद्यार्थ्याची बाजू मुदत संपल्यावर गेलेल्यापेक्षा कितीतरी मजबूत असते.

थोडक्यात, गुण मागू नका, तारीख मागा.

कोर्टाच्या आधीची पायरी

न्यायालय पहिला प्रश्न विचारते : तुम्ही विद्यापीठाकडे लेखी तक्रार केली होती का? खिडकीवर झालेले बोलणे पुराव्यात येत नाही. त्यामुळे पुढच्या गोष्टी आधी कराव्यात.

पहिली, छायाप्रत. विद्यापीठाच्या नियमाने उत्तरपत्रिकेची झेरॉक्स मिळत असेल तर ती ताबडतोब मागवा. मिळत नसेल तर माहिती अधिकाराचा अर्ज टाका. अर्जाची फी १० रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. यात एक मेख आहे. विद्यापीठे उत्तरपत्रिका ठरावीक काळच सांभाळतात. तो काळ उलटला आणि उत्तरपत्रिका नष्ट झाली की हक्क असूनही हातात काही येत नाही. म्हणून "बघू पुढच्या महिन्यात" नको.

दुसरी, तक्रार निवारण समिती. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०२३ च्या नियमांनुसार प्रत्येक संस्थेत विद्यार्थी तक्रार निवारण समिती असायला हवी. शैक्षणिक वेळापत्रकात दिलेल्या तारखेपेक्षा निकालाला उशीर होणे ही या नियमांत स्पष्टपणे तक्रारीची बाब मानली आहे. समितीने १५ कामकाजी दिवसांत अहवाल द्यायचा असतो. समाधान झाले नाही तर १५ दिवसांत विद्यापीठाच्या लोकपालाकडे अपील करता येते. किती विद्यार्थ्यांना आपल्या विद्यापीठात लोकपाल आहे हे माहीत असते? कॉलेजच्या सूचना फलकावर त्यांचे नाव आणि पत्ता आहे का, एकदा जाऊन बघा.

तिसरी, काय करू नये. "ग्राहक कोर्टात खेचतो" असे बरेच जण म्हणतात. त्यात वेळ घालवू नका. परीक्षा घेणारे मंडळ हे सेवा पुरवणारा दुकानदार नाही आणि परीक्षार्थी हा ग्राहक नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये बिहार बोर्डाच्या प्रकरणात सांगितले आहे.

चौथी, वकिलाची फी. पैसे नाहीत म्हणून गप्प बसू नका. विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ नुसार स्त्रियांना मोफत कायदेशीर मदत मिळते, त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. मुलांसाठी उत्पन्नाची मर्यादा आहे, पण गरीब घरातला मुलगा त्यात बसतो. उच्च न्यायालयातही यासाठी विधी सेवा समिती आहे. आणि प्रत्येकाला मुंबईलाच जावे लागते असेही नाही. नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे खंडपीठे आहेत, ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सर्किट बेंचही सुरू झाले आहे. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गच्या विद्यार्थ्यांसाठी ही मोठी सोय आहे.

शक्यतो एकत्र जा. एकाच विषयाचे चाळीस विद्यार्थी एका याचिकेत आले तर खर्च वाटला जातो, आणि हा कोणा एकाचा हट्ट नाही, यंत्रणेचा दोष आहे हे न्यायालयाच्या लगेच लक्षात येते.

विद्यापीठाची बाजू आणि आपली जबाबदारी

विद्यापीठांचीही बाजू आहे. प्राध्यापकांच्या जागा वर्षानुवर्षे रिकाम्या, तासिका तत्त्वावरच्या शिक्षकांवर सगळा भार, सत्र पद्धतीमुळे वर्षातून दोनदा परीक्षा. एक निकाल लागेपर्यंत दुसरी परीक्षा उभी. पण ही कारणे सरकारदरबारी मांडायची आहेत, विद्यार्थ्याच्या तोंडावर फेकायची नाहीत. फी वेळेत घेतली, दंड वेळेत लावला, मग उत्तरही वेळेत द्यावे. पुनर्मूल्यांकनाची तारीख अर्जाच्या पावतीवरच छापावी, मुदत चुकली तर फी आपोआप परत मिळावी, आणि निकाल प्रलंबित आहे असे प्रमाणपत्र मागताच मिळावे म्हणजे प्रवेश आणि शिष्यवृत्ती अडणार नाही. या तीन गोष्टींना ना मोठा निधी लागतो, ना नवा कायदा.

आणि आपण? निकालानंतर आपल्या संस्था गुणवंतांचा सत्कार करतात. शाल, ट्रॉफी, फोटो. जरूर करावा. पण त्याच हॉलमध्ये, त्याच आठवड्यात, ज्यांचे निकाल अडकले आहेत त्यांच्यासाठी एक टेबल का लावू नये? वस्तीतला एखादा वकील, एखादे निवृत्त प्राध्यापक, माहिती अधिकाराचा अर्ज लिहू शकणारी दोन मुले, एवढे पुरे आहे. जुम्याच्या नमाजनंतर पाच मिनिटांची सूचना दिली तरी तारखा घराघरांत पोहोचतात. जमातींनी, शिक्षण संस्थांनी, मोहल्ला कमिट्यांनी हे मनावर घेतले तर दरवर्षी किती मुले-मुली शिक्षणात टिकतील!

आपल्याकडे अमानत हा शब्द फार जपून वापरला जातो. विश्वासाने सोपवलेली वस्तू मालकाला जशीच्या तशी आणि वेळेवर परत करणे म्हणजे अमानतदारी. विद्यार्थी तीन तास बसून जे लिहितो ती त्याने विद्यापीठाकडे सोपवलेली अमानतच आहे. ती हरवणे ही खयानत आहे, आणि महिनोन्‌महिने दाबून ठेवणेही त्यापेक्षा फार वेगळे नाही.

तुमच्या घरात, शेजारात अशी एखादी पावती कपाटात पडून असेल तर आज काढून बघा. त्यावर तारीख कोणती आहे? मुदत उलटली असेल तर उद्या लेखी अर्ज द्या, आणि पोच घ्यायला विसरू नका.